एवढंच जमायचं म्हणे

सकाळी सोसायटीच्या ग्रुपवर कुणीतरी ड्रॅक्युलाच्या, म्हणजे सिनेमातल्या त्या रक्तपिपासू पिशाच्चाच्या, नकलेची रील टाकली. काळा झगा, प्लास्टिकचे सुळे आणि ते ओढून ओढून बोललेलं इंग्रजी. खाली एका शेजाऱ्यांची कमेंट : 'मूळ नट एकाच रोलचा. एवढंच जमायचं त्याला.' ग्रुपवर भांडणार नाही असं बायकोला वचन दिलंय, म्हणून इथे लिहितोय.

तो मूळ नट म्हणजे बेला लुगोशी. खरं आडनाव ब्लास्को. १८८२ साली तेव्हाच्या हंगेरीतल्या लुगोश गावी जन्मला आणि गावाचंच नाव लावलं. आपल्याकडे असता तर लुगोशकर झाला असता. बुडापेस्टच्या नॅशनल थिएटरचा नट. येशू ख्रिस्त केलाय या माणसाने! महायुद्धात जखमी झाला, १९१७ मध्ये हंगेरियन मूकपटांत आला, तेही आरिस्टिड ओल्ट या भलत्याच नावाने.

माझा काका एसटीत कंडक्टर होता. गावच्या जत्रेतल्या नाटकात एकदा सावकार झाला आणि फसला बिचारा. जन्मभर गाडीत लोक म्हणायचे, 'सावकार, सुट्ट्यावर व्याज लावू नका.' काका अभंग इतके सुंदर म्हणायचा, पण ते ऐकायला थांबलंय कोण?

लुगोशीने १९१९ मध्ये नटांची संघटना बांधली. तिथलं बेला कुन या पुढाऱ्याचं कम्युनिस्ट सरकार कोसळलं आणि याला देश सोडावा लागला. व्हिएन्ना, बर्लिन, मग अमेरिका. अडतिशीत परक्या भाषेत पुन्हा पहिल्यापासून सुरुवात! ज्या उच्चारांवर तुम्ही खिदळताय ना, त्याच उच्चारांनी त्याने १९२७ मध्ये न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे रंगभूमीवर ड्रॅक्युला गाजवला. १९३१ च्या सिनेमाचे मिळाले किती? आठवड्याला ५०० डॉलर, सात आठवडे. संपलं. आणि मोठ्या सिनेमात ड्रॅक्युला त्यानंतर फक्त एकदा केला, १९४८ मध्ये, तोही विनोदी सिनेमात. बाकी सगळी वर्षं तो झगा लोकांनीच त्याच्या अंगावर ठेवला.

बरं, शेवटी शेवटी टुकार सिनेमे केले त्याने. केले. घर चालवायचं होतं.

दुखण्यावर घेतलेल्या मॉर्फिनचं व्यसन लागलं होतं. १९५५ मध्ये, सत्तरी उलटल्यावर, स्वतःहून इस्पितळात दाखल झाला. इथे माझा राग उतरतो. ज्या वयात माणसं आपली चूक कबूल करायचं सोडून देतात, त्या वयात हा उपचार मागायला गेला.

१९५६ च्या ऑगस्टमध्ये गेला. पुरलं ते ड्रॅक्युलाच्या झग्यात. त्याचीच तशी इच्छा होती असं सांगतात, पण ठरवलं घटस्फोट झालेल्या बायकोने आणि मुलाने. पूर्वी हे वाचून मी चिडायचो.

काका गेला तेव्हा चौकातल्या फ्लेक्सवर नावापुढे कंसात 'सावकार' छापलं होतं. मी पोरांवर खेकसलो, काढा ते. काकू आतून बाहेर आली. म्हणाली, 'राहू दे रे. मीच सांगितलंय टाकायला. नुसत्या नावाने कोण ओळखणार त्यांना?'