श्रोत्री चांगले म्हणूनच घोळ झाला

वाद काढला मेडिकलवाल्यानं. मी नुसतं म्हटलं की रविवारी 'वंशवृक्ष' बघितला, जुना कन्नड, तर हा चहाचा ग्लास हातात धरूनच सुरू, कन्नड फॅमिली पिक्चर म्हणजे काय ते मला माहीत आहे की ओ, तवरमनी म्हणजे माहेर, रडणारी बहीण, डोळे वटारणारी सासू, दोन तास छळ आणि शेवटी दादा येऊन सगळ्यांना झोडपणार, आमच्या घरी आई आणि काकू 'तवरिगे बा तंगी' बघून दोन दिवस जेवल्या नव्हत्या. आता हे बेळगावात कुणी नाकारू शकत नाही. मराठी घरांतनंही ते पिक्चर तितकेच रडून बघितलेत, जसं 'माहेरची साडी'ला रडले तसंच.

पण 'वंशवृक्ष' तसला नाहीच, हे त्याला सांगता सांगता निम्मा कट्टा गोळा झाला.

ज्यांनी बघितला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. कन्नड लेखक एस. एल. भैरप्पांची कादंबरी, पिक्चर 1971 चा, दिग्दर्शन गिरीश कर्नाड आणि ब. व. कारंत दोघांचं, दोघांना मिळून त्या सालचं दिग्दर्शनाचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं. पुढं कन्नडचा मोठा स्टार झालेला विष्णुवर्धन मोठेपणी पडद्यावर पहिल्यांदा दिसला तो ह्यातच, छोट्या कामात. संगीत आपल्या पुण्याच्या भास्कर चंदावरकरांचं. गोष्ट नंजनगूडची, कपिला नदीच्या काठावरची. श्रीनिवास श्रोत्री म्हणजे गावानं मान द्यावा असा विद्वान माणूस. तरुण मुलगा नदीत बुडून गेला. मागं राहिली सून कात्यायनी आणि लहान नातू. सून म्हणते मला शिकायचंय, सासू भागीरथम्मा नको म्हणते, सासरे परवानगी देतात. ती रेल्वेनं म्हैसूरला कॉलेजात जायला लागते, तिथं राजा नावाच्या प्राध्यापकावर जीव जडतो (हे काम खुद्द कर्नाडांनी केलंय) आणि ती लग्न करायचं ठरवते. मग प्रश्न येतो पोराचा. पोर कुणाचं?

"आईचं. विषय संपला." बँकेतल्या ताई. त्या खरं तर शेजारच्या दुकानात दूध घ्यायला आलेल्या, पण थांबल्या.

"विषय इथंच तर सुरू होतो ताई," मास्तर म्हणाले. मास्तर रिटायर्ड, कन्नड मराठी दोन्हीकडचं वाचलेले, आणि भैरप्पा म्हणजे त्यांचं दैवत. उमा कुलकर्णींनी मराठीत आणलेला 'वंशवृक्ष' त्यांच्याकडं दोन प्रतींत आहे, एक वाचायला आणि एक कुणी मागितली तर द्यायला. उमाताई मूळच्या बेळगावच्या आणि ह्याच अनुवादाला त्यांना साहित्य अकादमीचं बक्षीस मिळालं, हे मास्तर प्रत्येक चर्चेत एकदा सांगतातच, कालही सांगितलं. तर मास्तरांचं म्हणणं असं, की श्रोत्रींनी तिला अडवलं का? दारं लावली का? शिव्याशाप दिले का? काही नाही. पोर न्यायचं की नाही हे तिच्यावरच सोडलं आणि ती स्वतः न घेता गेली. ह्याच्यापेक्षा मोठा सासरा कुठला दाखवता?

इथं मला राहवलं नाही. म्हटलं मास्तर, तिथंच तर गंमत आहे. सासरा दुष्ट असता तर ती पोराला उचलून पळाली असती आणि आपण टाळ्या वाजवल्या असत्या. हा माणूस तिला शिकवतो, एक वाईट शब्द बोलत नाही, आणि मग म्हणतो बघ बाई तूच ठरव. एकुलता एक मुलगा गेलेली म्हातारा म्हातारी समोर, नातू आजीच्या कुशीत वाढलेला, आणि ठरवायचं तिनं एकटीनं. ह्याला मोकळीक म्हणायची होय? भांडायला समोर कुणी ठेवलंच नाही तिच्या! मी तर म्हणतो छळणारी सासू परवडली.

"हे बोलायला सोपंय, तुमची सासू गावाला असते," मेडिकलवाला.

तेवढ्यात वकील आले आणि गाडी कोर्टाकडं वळली. आमचे वकील कुठल्याही पिक्चरमधे कलम शोधतात, पण काल जे बोलले ते खरंच कामाचं होतं. म्हणाले, 1856 चा विधवा पुनर्विवाहाचा कायदा आपण सुधारणा म्हणून शाळेत शिकलो, पण आत काय लिहिलं होतं बघा. दुसऱ्या कलमात, विधवेनं पुन्हा लग्न केलं की मेलेल्या नवऱ्याच्या मिळकतीवरचा तिचा हक्क संपला, जणू तीच मेली. आणि तिसऱ्या कलमात, लग्न केल्यावर पहिल्या नवऱ्याच्या पोरांना पालक नेमून द्या म्हणून त्या नवऱ्याचे आईबाप, आजा, कुणीही पुरुष नातेवाईक कोर्टात अर्ज करू शकत होता. म्हणजे लग्न कर, हरकत नाही, पण जाताना घर आणि पोर दोन्हीवर पाणी सोडायची तयारी ठेव. आता नंजनगूड म्हैसूर संस्थानात, तिथं ब्रिटिशांचा कायदा थेट चालत नव्हता हेही त्यांनी स्वतःच सांगून टाकलं, पण म्हणाले समाजाच्या डोक्यात कलम तेच होतं. 1956 च्या हिंदू पालकत्वाच्या कायद्यानंतर बापामागं नैसर्गिक पालक आईच, आणि तिनं पुन्हा लग्न केलं एवढ्यावरून तो हक्क जात नाही.

"मग आजच्या कोर्टात पोर तिलाच?" मी.

"बहुतेक. पण कोर्ट पोराचं हित बघतंय, आणि श्रोत्रींसारखा आजा समोर उभा असला तर जजसुद्धा दोन तारखा जास्त देईल."

आणि मग ताई जे बोलल्या त्यावर मास्तरांकडं चटकन उत्तर नव्हतं. त्या म्हणाल्या, पोर तिथंच ठेवलं हे एक वेळ समजू शकते मी. पण पुढं काय केलंय बघा लेखकानं. लग्नानंतर कात्यायनीचे गर्भ एकामागून एक पडतात, ती खंगत जाते, स्वतःचा मुलगा कॉलेजात समोर येतो आणि ओळख दाखवत नाही, शेवटी ती मरते. आणि तिकडं राजाचा थोरला भाऊ, इतिहासकार सदाशिवराव, घरात साधी सरळ बायको असताना ग्रंथलेखनाला मदत करणाऱ्या बाईशी दुसरं लग्न करतो, त्याचे ग्रंथ पुरे होतात. त्या काळी चालत होतं म्हणे. गर्भपात डॉक्टरच्या कारणानं नाही झाले, लेखकाच्या कारणानं झाले.

मास्तर तापले. म्हणाले, तुम्ही शेवट सोडून बोलताय. भैरप्पांनी श्रोत्रींना सोडलंय का? ज्या वंशासाठी नातू ठेवून घेतला, ज्या वंशासाठी आयुष्यभर इंद्रियं जिंकली, बायको स्वतः म्हणत होती घरकामाला असलेल्या लक्ष्मीला जवळ करा तरी केलं नाही, त्या माणसाला उतारवयात कळतं की आपण त्या वंशाच्या रक्ताचेच नाही, भाऊबंदकीपायी, इस्टेट बापाच्या भावाला जाऊ नये म्हणून आपला जन्म घडवून आणलेला. वृक्षच खोटा निघाला! मग घरदार सोडून निघताना ते तिच्याच दारात येतात, ती मरणाला टेकलेली, आणि नातवाला सांगतात ही तुझी आई. लेखकानं दोघांना फोडलंय, एकट्या बाईला नाही.

"हो, पण ते फुटले आणि मोठे झाले. ती फुटली आणि गेली," ताई.

खरं सांगू, मास्तरांचा मुद्दा मला कादंबरीपुरता पटतो, पण पिक्चर बघताना माझं मन सारखं दुसरीकडं जात होतं, आणि ते मी कट्ट्यावर सांगितलंही. कर्नाडांची आई कृष्णाबाई, ती स्वतः तरुणपणी विधवा झालेली, पदरात एक मूल, नर्सिंगकडं वळली, तिथं डॉ. रघुनाथ कर्नाड भेटले, लोक काय म्हणतील ह्या पायी लग्नाला काही वर्षं थांबावं लागलं, मग झालं. त्या संसारात जन्मलेला मुलगा पुढं 'वंशवृक्ष' करतो आणि विधवेशी लग्न करणाऱ्या राजाचं काम स्वतः करतो. घरात त्यानं काय बघितलं होतं? पुन्हा लग्न केलेली बाई खंगून मेली नाही, तिनं पोरं वाढवली, संसार केला. मग पडद्यावर कात्यायनीला मरताना दाखवताना ह्या माणसाला काय वाटलं असेल?

"कादंबरीशी इमान राखलं त्यांनी," मास्तर.

"कादंबरीशी राखलं की," ताई दुधाची पिशवी उचलत म्हणाल्या, "आईचं काय ते बघा."

मेडिकलवाला इतका वेळ गप्प होता. मग म्हणाला, सगळे श्रोत्री आणि कात्यायनी करताय, त्या भागीरथम्माला कुणी विचारलं का? पोरगा गेला, सून गेली, नवऱ्यानं परस्पर सांगून टाकलं तूच ठरव, नातू सांभाळायचा कुणी, रात्री उठायचं कुणी? तिनंच की. आणि पहिल्या दिवशी ती म्हणाली होती कॉलेज नको, तर आपण सगळे म्हणालो जुन्या वळणाची सासू.

वकील म्हणाले, हिला तर कलमच नाही. मास्तर म्हणाले, तू आधी पिक्चर बघ मग बोल. तो म्हणाला, बघतो की, पण घरी आई आणि काकूंना बरोबर घेऊन बघतो, ह्या वेळी त्या कुणासाठी रडतात ते सांगतो तुम्हाला.