आर्द्रेतला लाल तारा आणि गरोदर बायकांना घातलेली भीती

'आर्द्रा नक्षत्रातला महाकाय लाल तारा यंदा फुटणार. आकाशात दुसरा सूर्य दिसेल, कित्येक महिने रात्र होणार नाही. रुद्राचा तिसरा डोळा उघडणार हे आपल्या ग्रंथांत लिहिलेलंच आहे. २०१९ पासून तारा विझू लागलाय आणि पृथ्वीकडे सरकतोय. नासाला तारीख माहीत आहे, पण लपवली जातेय. आर्द्रा लागल्यापासून पंधरा दिवस गरोदर स्त्रियांनी रात्री उघड्यावर येऊ नये, ताऱ्याचे लाल किरण गर्भाला बाधतात.'

हा फॉरवर्ड सगळीकडे फिरतोय. माझ्या धाकट्या बहिणीला सातवा महिना आहे. तिच्या सासूबाईंनी काळजीपोटी तो तिला वाचून दाखवला आणि तिने रात्रीच्या जेवणानंतरचं फिरणं बंद केलं. डॉक्टरांनी मुद्दाम सांगितलेलं फिरणं! म्हणून सगळ्यात शेवटचा मुद्दा आधी घेते.

'आर्द्रा लागली' याचा अर्थ सूर्य आर्द्रा नक्षत्रात आला. हे साधारण २१-२२ जूनला होतं आणि जुलैच्या पहिल्या आठवड्यापर्यंत सूर्य तिथेच असतो. ज्या ताऱ्याची भीती घातली आहे तो म्हणजे काक्षी, मृगाच्या खांद्यावरचा तांबूस तारा, इंग्रजीतला बीटलज्यूज. बहुतेक अभ्यासक आर्द्रेचा तारा म्हणून यालाच धरतात. त्या पंधरवड्यात काक्षी आणि सूर्य आकाशाच्या एकाच भागात असतात. तो जवळपास सूर्याबरोबरच उगवतो आणि सूर्याबरोबरच मावळतो. रात्रभर तो क्षितिजाखाली असतो. म्हणजे ज्या पंधरा रात्री बायकांना घरात कोंडून घ्यायला सांगितलंय, त्यातल्या एकाही रात्री हा तारा डोक्यावर नसतो. ज्याने हे लिहिलं त्याने एकदाही वर मान करून पाहिलेलं नाही. काक्षी रात्रभर दिसतो तो डिसेंबर-जानेवारीत, आणि माणूस पृथ्वीवर आल्यापासून गरोदर बायका त्या चांदण्यात वावरत आल्या आहेत.

आणि 'लाल किरण' म्हणजे तरी काय? सूर्याच्या पृष्ठभागाचं तापमान सुमारे ५,८०० केल्विन, काक्षीचं सुमारे ३,५००. तो लाल दिसतो कारण तो सूर्यापेक्षा थंड आहे. त्वचेला आणि पेशींना इजा करणारे अतिनील किरण अशा ताऱ्यात प्रमाणाने कमीच असतात. त्यातून तो इतका दूर की त्याच्याकडून आपल्यापर्यंत पोचणारी ऊर्जा सूर्याच्या मानाने अब्जावधी पटींनी कमी आहे. दुपारी अंगणात घटकाभर उभं राहिलेल्या बाईला या ताऱ्याच्या किरणांची भीती घालणं हा निव्वळ छळ आहे.

आता फुटण्याबद्दल. काक्षी एक दिवस फुटणार, हे खरं आहे. एवढं मान्य करावंच लागतं. पण कधी? मेरिडिथ जॉइस आणि सहकाऱ्यांनी २०२० साली 'अ‍ॅस्ट्रोफिजिकल जर्नल'मध्ये या ताऱ्याचा सविस्तर अभ्यास मांडला. ताऱ्याच्या स्पंदनांवरून त्यांनी काढलेलं वस्तुमान सूर्याच्या साडेसोळा ते एकोणीस पट, अंतर सुमारे ५५० प्रकाशवर्षे. मुख्य निष्कर्ष असा की त्याच्या गाभ्यात अजून हेलियम जळतोय आणि स्फोटाला एक लाख वर्षांहून अधिक अवकाश आहे. '२०२३ चा अभ्यास वेगळं सांगतो' असं कुणी म्हणेल. सांगतो खरा. त्या गटाच्या मते तारा हेलियमनंतरच्या, कार्बन जाळण्याच्या शेवटच्या टप्प्यात असावा, म्हणजे स्फोट बराच जवळ. पण ते गणित जुळवायला काक्षी प्रत्यक्ष मोजमापांपेक्षा बराच मोठा धरावा लागतो, आणि तिथेच इतर संशोधकांनी त्यावर बोट ठेवलं. 'यंदा' असं तर त्या अभ्यासातही कुठे नाही.

समजा, उद्याच फुटला. दुसरा सूर्य? आपला सूर्य पौर्णिमेच्या चंद्राच्या सुमारे चार लाख पट तेजस्वी आहे. काक्षीचा स्फोट ऐन भरात साधारण अर्ध्या चंद्राइतका उजळेल, काही महिने दिवसाही दिसेल, आणि रात्र रात्रच राहील. १०५४ साली वृषभ राशीत असा तारा फुटलेला चिनी निरीक्षकांनी पाहिला. तो २३ दिवस भरदिवसा दिसत होता. तो काक्षीच्या दहापटींहून दूर होता, हे कबूल. पण पृथ्वीवरच्या ओझोन थराला मोठा धक्का बसायचा तर स्फोट साधारण ५० प्रकाशवर्षांच्या आत व्हावा लागतो. काक्षी त्या हद्दीच्या कितीतरी बाहेर आहे.

ग्रंथांचं म्हणाल तर आर्द्रेची देवता रुद्र आहे, हे बरोबर. ऐतरेय ब्राह्मण या वैदिक ग्रंथातली कथाही या भागातल्या ताऱ्यांचीच आहे. प्रजापती हरणाचं रूप घेऊन स्वतःच्या मुलीमागे लागतो. ते पाहून देव आपल्या उग्र रूपांतून रुद्राला घडवतात आणि रुद्र त्याला बाण मारतो. विद्ध प्रजापती आकाशात मृग होतो, मारणारा मृगव्याध, मुलगी रोहिणी आणि तो बाण त्रिकांड. आजही मृगाच्या पोटातले ओळीतले तीन तारे पाहताना हा बाण डोळ्यांपुढे येतो. आपल्या पूर्वजांनी आकाश किती बारकाईने वाचलं होतं याचा हा पुरावा आहे. कथा घडून गेलेल्या गोष्टीची आहे, आणि तीत तिसरा डोळाही नाही, प्रलयही नाही. तिला खोट्या भाकिताच्या दावणीला बांधलेलं पाहून मला त्या गरोदरपणाच्या मुद्द्याइतकाच राग येतो.

बाकीचं थोडक्यात. २०१९-२० मध्ये तारा मंदावला होता, पण काही महिन्यांत पूर्ववत झाला. त्याने स्वतःच बाहेर टाकलेल्या वायूची धूळ होऊन ती आड आली होती, हे २०२१ मध्ये 'नेचर'मध्ये छापून आलं आहे. पृथ्वीकडे सरकणं तर उलटंच आहे, तो सेकंदाला सुमारे २१ किलोमीटर वेगाने दूर जातोय. त्याचं तेज कमीजास्त होतं हे इंग्रज खगोलशास्त्रज्ञ जॉन हर्शेल यांनी १८३६ मध्येच टिपलं होतं आणि जगभरचे हौशी निरीक्षक आजही त्याच्या नोंदी ठेवतात. यात नासाने लपवायचं काय? उरली तारीख. ती आगाऊ कुणालाच कळू शकत नाही. १९८७ मध्ये शेजारच्या दीर्घिकेत तारा फुटला तेव्हा त्याचे न्यूट्रिनो (गाभ्यातून सुटणारे, वाटेत जवळजवळ कशालाही न अडणारे सूक्ष्म कण) प्रकाशाच्या साधारण तीन तास आधी पोचले, आणि ते जपान, अमेरिका आणि सोव्हिएत संघ अशा तीन ठिकाणच्या उपकरणांत एकाच वेळी नोंदले गेले. काक्षीची पूर्वसूचनाही काही तासांचीच मिळेल, आणि ती एकाच वेळी अनेक देशांच्या हाती असेल.