मावशी कुणी व्हायचं?

"मावशी, मला परत म्हातारीच दिली."

भाचीचा फोन आला तेव्हा इथे मॉस्कोत संध्याकाळचे सात वाजले होते, म्हणजे सांगलीत साडेनऊ. पोर एकोणीस वर्षांची, अंगाने भरलेली, आवाज खणखणीत. कॉलेजच्या एकांकिकेत सलग तिसऱ्या वर्षी तिच्या वाट्याला पांढरा विग आणि कमरेतला वाक आला होता. नायिका दरवर्षी नवी, म्हातारी मात्र ठरलेली. पण तिचं खरं दुखणं वेगळंच होतं. "त्यात एक भांडकुदळ काकू आहे, सगळे हशे तिलाच आहेत. ती एका मुलाला दिली. म्हणे, तो साडी नेसून नुसता आला तरी लोक हसतात."

योगायोग असा की त्याच आठवड्यात आमच्या घरच्या ग्रुपवर हाच वाद पेटला होता. टीव्हीवरच्या विनोदी कार्यक्रमांत पुरुषांना साड्या कशाला नेसवायच्या? भावजींचं म्हणणं, विनोद विनोदासारखा घ्यावा, बालगंधर्वही नेसायचेच की. वहिनींनी तिथल्या तिथे हाणलं, "बालगंधर्वांना बघून बायका साडी नेसायला शिकल्या. ह्यांना बघून काय शिकायचं?" मग ठाण्याचा चुलतभाऊ बोलला. त्याची मालिकावाल्यांत ऊठबस असते, त्यामुळे त्याचा शब्द शेवटचा. त्याने लिहिलं, "अरे, नट्याच तयार नसतात. वेडंविद्रं दिसायचं म्हटलं की नको म्हणतात. मग काय करणार?"

ते वाचलं आणि मला शेजारच्या आजी आठवल्या. म्हणजे आजींचा टीव्ही.

आमच्या मजल्यावर एक ऐंशी पार केलेल्या बाई राहतात. मी त्यांना मराठीत आजी म्हणते, त्यांना ते आवडतं. थंडीत त्यांच्या स्वयंपाकघरात चहा आणि चेरीचा मुरंबा असतो, आणि कोपऱ्यातल्या टीव्हीवर जुने सोव्हिएत सिनेमे. फाइना रानेव्स्काया ही सोव्हिएत नटी मला तिथे भेटली. रशियन मला त्या वेळी भाजी आणण्यापुरती येत होती. पडद्यावर १९४७ सालची 'सिंड्रेला' चालली होती आणि सावत्र आई झालेली रानेव्स्काया राजवाड्यातल्या मेजवानीत मुलींना हिशेब लिहून घ्यायला सांगत होती: राजा आपल्याशी किती वेळा बोलला, किती वेळा हसला, वाऱ्यात उभ्या राहू नका म्हणाला तेही धरा, एकूण इतक्या वेळा आपल्याकडे लक्ष दिलं. मुली वहीत टिपून घेतात. आपल्याकडे लग्नात कुणी किती आहेर केला ते लिहायला बसलेली आत्या आठवा, तोच चेहरा! भाषा कळत नसताना मी मुरंब्याचा चमचा हातात धरून हसत होते.

त्या वेळी रानेव्स्काया पन्नाशी ओलांडलेली होती. मोठं नाक, घोगरा आवाज, अंगावर पिसंच पिसं. सुंदर दिसायचा एवढासाही प्रयत्न नाही. चुलतभावाच्या "नट्याच तयार नसतात"ला एवढं एक उत्तर पुरे. पण तेवढ्यावर थांबले तर मीही फॉरवर्ड करणाऱ्यांतलीच होईन, कारण तिची पुढची गोष्ट इतकी सरळ नाही.

जन्म १८९६ सालचा, तागानरोगचा. नाटककार चेखवचं गाव तेच. घर श्रीमंत ज्यू उद्योजकाचं, आडनाव फेल्डमन. 'रानेव्स्काया' हे चेखवच्याच 'चेरी ऑर्चर्ड'मधल्या उधळ्या जमीनदारणीचं नाव. गोष्ट अशी सांगतात की आईने पाठवलेल्या नोटा हातातून वाऱ्यावर उडाल्या आणि ही त्यांच्यामागे धावायच्याऐवजी "किती छान उडतायत" म्हणून बघत राहिली, तेव्हा सोबतच्याने तिला ते नाव दिलं. १९१७ साली सगळं कुटुंब देश सोडून गेलं. ही एकटी नाटकासाठी मागे राहिली.

नाव झालं ते १९३९च्या एका बालचित्रपटामुळे. एक चिमुरडी मॉस्कोच्या रस्त्यांवर हरवते. तिला घरी न्यायला निघालेली एक दांडगी बाई, म्हणजे रानेव्स्काया, आणि तिच्या पदराआड वावरणारा नवरा मुल्या. ही बाई पोरीला विचारते की तुला बंगल्यावर फिरायला जायचंय की मुंडकं पिरगाळून हवंय, तेही अगदी मायेने. आणि नवऱ्याला वरचेवर बजावते, "मुल्या, माझं डोकं उठवू नकोस." सगळा देश हे वाक्य बोलायला लागला. युद्धाच्या काळात ती ताश्कंदला स्थलांतरित झाली, तर तिथेही रस्त्यावरची पोरं "मुल्या, मुल्या" ओरडत मागे लागायची. तिला त्या वाक्याचा वीट आला होता. तिच्याच आठवणींत आहे की सोबत असलेल्या कवयित्री आन्ना अखमातोवाने तिची समजूत घातली: आपल्या प्रत्येकाचा एकेक मुल्या असतो. अखमातोवाचा मुल्या म्हणजे तिची तरुणपणीची एक कविता, लोक भेटले की तीच म्हणून दाखवायचे. १९७६ साली ऐंशीव्या वर्षी रानेव्स्कायाला ऑर्डर ऑफ लेनिन मिळाली, तेव्हा ब्रेझनेव्हनेही म्हणे सत्काराच्या जागी तेच वाक्य म्हणून दाखवलं. देशाचा सर्वेसर्वा आणि ताश्कंदची पोरं, दोघांनाही आठवायला एकच ओळ!

मला या चित्रपटाची दुसरीच एक गोष्ट महत्त्वाची वाटते. त्याची पटकथा अग्निया बार्तो आणि रिना झेल्योनाया या दोन बायकांची. दिग्दर्शिका तात्याना लुकाशेविच. 'सिंड्रेला'च्या दोन दिग्दर्शकांपैकी एक नाद्येझ्दा कोशेव्हेरोवा. लोकांच्या कायम लक्षात राहिलेल्या रानेव्स्कायाच्या या दोन्ही भूमिका बायकांच्या हाताखालून गेलेल्या आहेत. हा पुरावा नव्हे, मला माहीत आहे. पण भाचीच्या एकांकिकेचा लेखक कोण, दिग्दर्शक कोण, हे मी फोनवर विचारलं. दोघंही मुलगेच निघाले.

आता इथलं सगळं सोनं आहे असं कुणी समजू नये. साडीचा वाद इथे घागऱ्याचा झाला असता इतकंच. १९७०च्या दशकात रशियन टीव्हीवर दोन पुरुष म्हाताऱ्यांचा वेश करून गप्पा मारायचे आणि घराघरांत लाडके होते. पुढे तशीच दुसरी जोडी आली. आणि आपण ज्याला 'मोरूची मावशी' म्हणून ओळखतो ते मूळ इंग्रजी नाटक 'चार्लीज आंट' १८९२ सालचं. आचार्य अत्र्यांनी ते मराठीत आणलं आणि विजय चव्हाणांनी मावशी अजरामर केली. तीच मावशी रशियन टीव्हीवर १९७५ साली अलेक्सांद्र काल्यागिनने केली. नवीन वर्षाच्या सुट्टीत हातात पंखा घेतलेला काल्यागिन बघून मी आजींना म्हटलं, "ही तर आमची मावशी!" त्यांना वाटलं माझी खरीच कुणी मावशी याच्यासारखी दिसते.

विजय चव्हाणांच्या मावशीवर मी पोट धरून हसले आहे, यापुढेही हसेन. तिथे पुरुष बाई झालाय हीच गंमत असते आणि ती सगळ्यांना ठाऊक असते. माझा आक्षेप तिथे आहे, जिथे गोष्टीत खरीखुरी काकू आहे, आत्या आहे, सासू आहे, आणि तरीही साडी पुरुषाला नेसवतात. कारण मग काकूला काही बोलायचीही गरज उरत नाही. ती नुसती आली की हशा. "नुसता आला तरी लोक हसतात" याचा अर्थ लेखकाने त्या दिवशी काम केलेलं नाही. नट्या तयार नसतात म्हणतात, पण तयार कशाला व्हायचं, वजनावरच्या दोन विनोदांसाठी?

रानेव्स्काया तयार होती, तिला तरी काय दिलं? मोसोव्हेत थिएटरच्या 'श्तोर्म' नाटकात मान्का नावाच्या काळाबाजारवालीचा एक छोटा प्रवेश तिच्याकडे होता. संवाद तिने स्वतःच वाढवले, बोली स्वतः घडवली. लोक म्हणे तो प्रवेश झाला की उठून कोट घ्यायला जायचे, पुढचं नाटक गेलं खड्ड्यात. मग थिएटरने काय करावं? तो प्रवेशच काढून टाकला. आणि त्याच्या आधी १९४२ साली दिग्दर्शक आयझेनश्टाइनला 'इव्हान द टेरिबल' या सिनेमात ती राजाच्या कारस्थानी मावशीसारखी... नव्हे, काकूच्या भूमिकेत हवी होती. हे काही विनोदी काम नव्हतं, राजघराण्यातली काळीकुट्ट शोकांतिका होती. सिनेमा खात्याचा प्रमुख बोल्शाकोव्ह याने लेखी नकार दिला: हिचा ज्यू तोंडवळा जवळून घेतलेल्या दृश्यांत फार उठून दिसतो. तिचं नाक हसवायला चालत होतं, रडवायला नाही.

तीनदा स्टालिन पुरस्कार मिळाला, १९६१ साली 'पीपल्स आर्टिस्ट'ही झाली. तरी सिनेमातल्या बहुतेक भूमिका चहा गार व्हायच्या आत संपणाऱ्या. आत्मचरित्र लिहायला घेतलं, ते स्वतःच्या हाताने फाडलं. आज इथल्या दुकानांत तिच्या तिरकस बोलांच्या चिटुकल्या पुस्तकांची रास असते. त्यातलं खरं किती नि तिच्या नावावर खपवलेलं किती, देव जाणे. आपल्याकडे कुठलंही बरं वाक्य पुलंच्या नाहीतर वपुंच्या नावावर जमा होतं, तशातला प्रकार. मुल्याने जे केलं तेच हे बोल करतायत. बाई मागे पडते आणि ओळ फिरत राहते.

म्हणून आजींनी एकदा मुद्दाम लावून दिलेलं तिचं नाटक मला सांगायचंय. 'पुढे सारं शांत' अशा अर्थाचं नाव. आनातोली एफ्रोस यांनी १९६९ साली बसवलेलं, पुढे टीव्हीसाठी चित्रित झालं. पन्नास वर्षं संसार केलेलं जोडपं, घर गेलेलं, मुलांपैकी कुणालाच दोघांना एकत्र ठेवायला जमत नाही. म्हातारा एका मुलीकडे लांब जाणार, म्हातारी वृद्धाश्रमात. आपण कुठे चाललोय हे ती नवऱ्याला कळू देत नाही. निरोपाच्या वेळी रानेव्स्काया काहीच करत नाही. ते मोठं नाक, तो घोगरा आवाज, सगळं तेच आहे, आणि तरी हसू येत नाही. बोलता बोलता जरा थांबते, तेवढंच. आपल्याकडे जयवंत दळवींच्या 'संध्याछाया'तले नाना-नानी ज्यांनी पाहिलेत त्यांना वेगळं सांगायला नको. मुलं लांब, आणि त्यांची वाट बघत बसलेलं घर. मी मॉस्कोत बसून ते बघत होते आणि माझी आई सांगलीत एकटी होती. आजींनी न बोलता मुरंब्याची वाटी माझ्याकडे सरकवली.

तिची बहीण इझाबेला क्रांतीनंतर परदेशी गेलेली, ती १९६० साली हिच्याकडे परत आली आणि चार वर्षांत वारली. दोन्स्कोये दफनभूमीत दोघी एकाच दगडाखाली आहेत. मे महिन्यात आजी मला तिथे घेऊन गेल्या. मी तीन फुलं घेतली होती. त्यांनी वाटेत एक काढून माझ्या केसांत खोचलं, मेलेल्यांना सम संख्येत वाहायची असतात म्हणाल्या.

भाचीला मी 'सिंड्रेला'तला तो वहीचा प्रसंग पाठवला, ग्रुपवर नाही, तिला एकटीला. खाली लिहिलं की म्हातारी घे, पण लेखकाच्या मानगुटीवर बस आणि तिला चार वाक्यं जास्तीची मागून घे. नाही दिली तर स्वतः लिही.

दुसऱ्या दिवशी उत्तर आलं. "सातदा बघितलं. भाषा कळत नाही तरी कळतंय. मावशी, हिचं नाव नीट कसं म्हणायचं?"

मी रेकॉर्ड करून पाठवलं. रा-न्येव्-स्का-या.