मेव्हण्याकडून पैसे वसूल करण्याची शासकीय पद्धत

तुमच्या मेव्हण्याने पाच-सहा वर्षांपूर्वी वीस हजार नेले आणि आता गणपतीत समोरासमोर आला की तो तुमच्याकडे न बघता मोदकाकडे बघून बोलतो. दोष मेव्हण्याचा नाही. तुम्हाला वसुली येत नाही. बायकोकरवी विषय काढणे, ‘जरा अडचण आहे रे’ म्हणणे, ही सगळी हौशी कामे झाली. धंदेवाईक माणसांकडून, म्हणजे घरपट्टी वसूल करणाऱ्या ग्रामपंचायतीकडून शिका. मी शिकलो. मार्चमधल्या एका शनिवारी, पहिल्या तोडीचे आंबे मांगरात तसेच टाकून, तालुक्याच्या कोर्टात उभा राहून शिकलो. ४०३ रुपयांसाठी.

पहिले पथ्य म्हणजे वर्षभर गप्प बसायचे. एप्रिल ते जानेवारी मेव्हण्याला पैशांबद्दल चकार शब्द बोलू नका. तो स्वतः पैसे घेऊन दारात आला तर ‘पावतीपुस्तक संपलंय’, ‘सर्व्हर डाऊन आहे’, ‘भाऊसाहेब मीटिंगला गेलेत’ यांपैकी जे सुचेल ते सांगून परत पाठवा. फेब्रुवारी उजाडला की मात्र अंगात अवसर आल्यासारखे उठा. रिक्षाला भोंगा बांधा, वाडीवाडीत फिरवा, चौकात फ्लेक्सवर त्याचे नाव लावा. मोठ्या शहरांत थकबाकीदाराच्या दारात बँडसुद्धा वाजवतात. आपल्याकडे ढोल आहेतच, शिमगाही त्याच सुमारास येतो. कोणता आवाज कशाचा, हे मेव्हण्याने ओळखावे.

दुसरे पथ्य. सुरुवात मेलेल्या माणसापासून करा. जिवंत माणूस पावत्या काढतो, वाद घालतो. मेलेला निमूटपणे थकबाकीदार राहतो. माझ्याकडे शिपाई आला तो आजोबांच्या नावाची लोकअदालतीची नोटीस घेऊन.

“आबांच्या नावाचा आसा. सही करा.”

“अरे, आबा जावन अडतीस वर्षां झाली.”

“मगे? घरात कोण तरी असतलाच मा?”

घरात मी होतो, त्यामुळे सही केली. हे तुम्हीही मेव्हण्याच्या बाबतीत ध्यानात ठेवा. पैसे कोणी नेले हा दुय्यम प्रश्न आहे, दार कोण उघडतो ते महत्त्वाचे.

भाषेकडेही लक्ष द्या. ‘पैसे दे’ ही काही भाषा झाली? ‘जमीन महसुलाची थकबाकी म्हणून’ एवढे शब्द कागदावर आले की समोरचा माणूस खुर्चीत सरळ होतो. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६, कलम १७६ मनापासून वाचा. मागणीची नोटीस, जमिनीचा भोगवटा सरकारजमा, जंगम मालाची जप्ती आणि विक्री, स्थावराची जप्ती आणि विक्री, आणि शेवटी थकबाकीदाराला अटक करून डांबणे. मेव्हण्याला निदान पहिले दोन तरी वाचून दाखवा, बहुतेक तेवढ्यावर काम होईल.

त्याच्या मुलीला कॉलेजसाठी तुमच्याकडून एखादी सही हवी असेल तर उत्तमच. दाखला कधी अडवायचा हे वेगळे सांगायला नको.

आता मुख्य विद्या. वही. तुमच्याकडे वही पाहिजे आणि त्या वहीचा डोळ्यांना दिसणाऱ्या जगाशी काडीचा संबंध नको. ग्रामपंचायतीत नमुना ८ म्हणजे आकारणीची वही, नमुना ९ म्हणजे मागणीची, नमुना १० म्हणजे पावती. मी दरवर्षी सप्टेंबर संपायच्या आत घरपट्टी भरतो, ५ टक्के सूट घेतो आणि नमुना १० फाईलला लावतो. मला वाटायचे, आपले काही देणे नाही. पण नमुना ८ मध्ये आबांच्या नावे वेगळी नोंद निघाली. गोठा. वर्षाला ९६ रुपये, चार वर्षे, वर ५ टक्के दंड.

आता हा गोठा १६ मे २०२१ ला, तौक्ते वादळात, पडला. छपराचे नळे उडाले, आढे मोडले, शेजारचा माड आडवा येऊन भिंतीवर बसला. चौथ्या दिवशी तलाठी, ग्रामसेवक आणि कृषी सहायक असे तिघे येऊन पंचनामा करून गेले. ‘गोठा : पूर्णतः पडझड.’ फोटो काढला, दोन पंचांच्या सह्या घेतल्या, आमच्याकडचा चहा घेतला. नुकसानभरपाई आली नाही, कारण सातबारा सामायिक. वर तेवीस नावे. त्या सगळ्यांची संमतिपत्रे आणा म्हणाले. तेवीसपैकी एक मस्कतला, सहा डोंबिवली-विरारला, पाच देवाघरी. देवाघरून संमतिपत्र कसे आणतात ते कोणी सांगेना. सोडून दिले. म्हणजे भरपाई देताना मेलेल्या माणसाची सही पाहिजे, आणि वसुली करताना मेलेल्या माणसाचे नुसते नाव पुरते. मी पंचनाम्याची झेरॉक्स घेऊन कार्यालयात गेलो. तिथला पोरगा चांगला आहे, आमच्याच वाडीतला. त्याने झेरॉक्स पाहिली, संगणक पाहिला आणि म्हणाला, “काका, पडलो ता खरा. पण रजिस्टरात उभो आसा.”

रजिस्टरात उभो आसा! एकाच कार्यालयात, एकाच कपाटात, खालच्या फळीवर माझा गोठा पडलेला आहे आणि वरच्या फळीवर तो उभा आहे, आणि दोन फळ्यांमधल्या वीतभर अंतरात पाच वर्षांत कोणाची नजर गेली नाही. मी म्हटले, चल माझ्याबरोबर, दहा मिनिटे लागतील, डोळ्यांनी बघ. तर म्हणाला, नोंद कमी करायची तर अर्ज द्यावा लागतो, मासिक सभेत ठेवावा लागतो, ठराव व्हावा लागतो. आणि अर्ज कोणी द्यायचा? ज्याच्या नावे नोंद आहे त्याने. आबांनी!

मग लोकअदालत. ही संस्था चांगली आहे, १९८७ च्या कायद्याने तिला मान्यता मिळाली, कोर्ट फी लागत नाही आणि खटला दाखल होण्याआधीच तडजोड होते. आमच्या टेबलासमोर शंभरेक माणसे, प्रत्येकाच्या हातात असाच एक कागद. घरपट्टी, पाणीपट्टी, कोणाचे सातशे, कोणाचे बाराशे. एक म्हातारी वालावलहून की कुठून तरी दोन एसट्या बदलून आली होती, कागद उलटा धरून बसली होती. माझा नंबर आला तेव्हा विचारले, तडजोडीला तयार आहात का? आता कसली तडजोड? गोठा अर्धा उभा आहे असे लिहू या? दुपारचे अडीच वाजले होते, मुंबईचा टेम्पो संध्याकाळी सुटणार होता, बागेतली माणसे फोनवर फोन करत होती. मी ४०३ भरले. एसटी, रिक्षा आणि दोन वेळचा चहा धरून तेवढेच वर गेले.

घरी आल्यावर बायकोने विचारले, “भरलेत? म्हणजे गोठा आहे असं तुम्ही लिहून दिलंत.” खरेच की. आणि लोकअदालतीच्या निवाड्यावर अपील नसते.

असो. मेव्हण्याकडे वळू. त्याने दोनदा तंगवले तर व्याज माफ करून ‘अभय योजना’ काढा. डिसेंबर २०२३ मध्ये मुद्रांक शुल्काची अशी योजना निघालीच होती. वेळेवर देणाऱ्याला ५ टक्के आणि वर्षानुवर्षे न देणाऱ्याला अभय, हे गणित त्याला पहिल्याच वेळी कळेल. तुमचा दुसरा मेव्हणाही मग वीस हजार न्यायला येईल.

वीज तोडायची असेल तर २००३ च्या कायद्याचे कलम ५६ आड येते, पंधरा पूर्ण दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते. ती द्या. निदान तारीख तरी मागची घाला.

आणि तुम्हीच मेव्हण्याचे देणे लागत असाल तर एकच वाक्य पाठ करा, ‘निधी आल्यावर’. रस्त्यावरच्या दिव्यांचे बिल थकले म्हणून २०२१ मध्ये गावेच्या गावे अंधारात बसली होती, आमच्या वाडीसकट. ते बिल माझ्या आबांनी थकवले नव्हते. त्या वेळी कोणी भोंगा फिरवला नाही, कोणाचे नाव फ्लेक्सवर आले नाही. एका सरकारी खिशाने दुसऱ्या सरकारी खिशाचे बुडवले आणि अंधारात चाचपडत आम्ही गेलो.

आता मला विनोद सुचत नाही. साहेब, घरपट्टी आम्ही भरतो. भरायला पाहिजे, त्यावरच पाण्याची टाकी चालते, आणि जे बंगले बांधून पाहुणे ठेवतात आणि नोंद ‘कच्चे घर’ म्हणून लावून घेतात त्यांच्याकडून तर दामदुप्पट घ्या. त्यांच्या दारात भोंगा का जात नाही? त्यांचा बंगला रजिस्टरात पडलेला आणि रस्त्यावरून दिसतो दुमजली, तो कोणाला दिसत नाही? म्हातारीला दोन एसट्या बदलायला लावण्याआधी एकदा वही घेऊन गावात फिरा. शंभर नोटिसा छापायला जेवढा वेळ लागतो तेवढ्या वेळात अर्धी वाडी बघून होते. लाज वाटली पाहिजे.

आणि माझ्या गोठ्यावर जप्ती आणायची असेल तर जरूर या. चिरे आहेत, त्यांवर तेरडा उगवला आहे, तो माड अजून तिथेच आडवा आहे. कुलूप तोडावे लागणार नाही, दार २०२१ मध्येच गेले. चहा मात्र या वेळी मिळणार नाही.