ओव्हरले बंद केला म्हणजे बंदच राहिला पाहिजे

गेमचे पैसे मी भरले. कॉम्प्युटर माझा, वीजबिल माझं, ग्राफिक्स कार्डचे हप्ते माझ्या पगारातून जातात. मग गेम सुरू झाला की स्क्रीनच्या कोपऱ्यातून कुठल्यातरी लाँचरची, म्हणजे गेम विकणाऱ्या आणि सुरू करून देणाऱ्या ॲपची, पट्टी सरकत येते आणि 'ओव्हरले उघडायला अमुक बटण दाबा' असं मला सांगते, ते कशासाठी? मी मागितला होता का? मला कुणी विचारलं होतं का? इन्स्टॉल होतानाच तो चालू करून ठेवलेला असतो आणि बंद कुठून करायचा ते शोधत बसायचं आपण. बरं, शोधून बंद केला तरी सुटका नाही. मी स्वतःच्या हाताने बंद केलेला ओव्हरले काल रात्री लाँचर अपडेट झाल्यावर पुन्हा चालू होता! मी बंद केलेली गोष्ट माझ्याच मशीनवर दुसऱ्याने परस्पर चालू केली. तळपायाची आग मस्तकात जाते ती याने.

ज्यांना हा प्रकार माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. ओव्हरले म्हणजे चालू गेमवर उघडणारा एक थर. त्यात मित्रांची यादी, चॅट, अचिव्हमेंट, स्क्रीनशॉट, दुकान, अगदी ब्राउझरसुद्धा. आता लाँचर बघा: स्टीमचा ओव्हरले शिफ्ट-टॅबने उघडतो, ईए ॲपचा शिफ्ट-एफ१ ने, युबिसॉफ्ट कनेक्टचा शिफ्ट-एफ२ ने, एपिकचा शिफ्ट-एफ३ ने. विंडोजचा गेम बार विंडोज-जीने, ग्राफिक्स कार्ड बनवणाऱ्या एनव्हिडियाचा ऑल्ट-झेडने. खेळताना गप्पा मारायच्या डिस्कॉर्ड ॲपचा आणखी वेगळा. एकेक बघितला तर वाटतं, असू दे, काय बिघडतंय. पण हे एकेकटे येतच नाहीत. युबिसॉफ्टचा गेम स्टीमवर विकत घेतला तरी तो सुरू होताना युबिसॉफ्ट कनेक्ट उघडतो. म्हणजे एका गेमवर दोन दुकानांचे दोन ओव्हरले. त्यावर ग्राफिक्स कार्डवाल्यांचा तिसरा, विंडोजचा चौथा, मित्रांशी बोलायला डिस्कॉर्ड लावलं असेल तर पाचवा. आणि बटणं कुठली निवडली आहेत बघा. बहुतेक शूटिंग गेममध्ये शिफ्ट पळायला असतं आणि टॅब स्कोअर किंवा बॅग बघायला. पळता पळता बॅग उघडायला गेलात की थेट ओव्हरले. ऐन मारामारीत पात्र उभंच्या उभं राहतं आणि तुमच्यासमोर मित्रांची यादी. सगळ्यात जास्त वापरातली दोन बटणं घेऊन त्यावर हे बसवायचं, याला काय म्हणायचं?

हे नुसतं डोळ्यांना खुपतं म्हणून माझी तक्रार नाही. आत काय चालतं ते कळलं की जास्त चीड येते. गेम एकेक फ्रेम, म्हणजे स्क्रीनवरचं एकेक चित्र, तयार करतो आणि ती स्क्रीनकडे पाठवतो. विंडोजवरचे बहुतेक गेम ज्यातून चित्र काढतात त्या डायरेक्टएक्समध्ये हे पाठवण्याचं काम करणाऱ्या फंक्शनचं नाव 'प्रेझेंट'. बहुतेक वेळा ओव्हरले स्वतःची डीएलएल फाइल, म्हणजे दुसऱ्या प्रोग्रॅमच्या आत चालणारा कोड, चालू गेमच्या आत घुसवतो आणि बरोबर या 'प्रेझेंट'च्या तोंडाशी उभा राहतो. आधी मी माझं चित्र काढतो, मग तू जा. हे दर फ्रेमला. १४४ हर्ट्झचा, म्हणजे सेकंदाला १४४ चित्रं दाखवणारा, मॉनिटर असेल तर एका फ्रेमच्या वाट्याला जेमतेम ७ मिलिसेकंद येतात, ६० हर्ट्झवर साधारण १६.७. तेवढ्या वेळात गेमने सगळं गणित करायचं आणि दाराशी उभ्या असलेल्या या सगळ्यांनाही सांभाळायचं. ऐरोलीच्या टोलनाक्यावर ऑक्टोबर २०२४ मध्ये लहान गाड्यांना टोलमाफी होईपर्यंत ज्या रांगा लागायच्या, तशा फ्रेम तुंबतात. त्यात हे सगळे एकाच ठिकाणी हात घालतात. एकाने अडकवलेलं दुसऱ्याने सोडवलं, तिसऱ्याला वाटलं आपणच पहिले, आणि गेम कोसळतो. खेळणाऱ्याला दिसतं काय? काळी स्क्रीन. का, ते कुणी सांगत नाही.

आता माझ्या आतेभावाचं सांगतो, कारण खरा राग त्याच्यामुळे आलाय. तो कळव्याला राहतो, डिप्लोमा करतोय. आत्याने हप्त्यावर लॅपटॉप घेऊन दिला, ८ जीबी रॅम, जीटीएक्स १६५० ग्राफिक्स कार्ड. भारी नाही, पण त्याला हवे ते गेम चालायला पुरेसा. महिनाभर बरं चाललं, मग रोज रडगाणं. 'दादा, गेम परत उडाला. स्क्रीन काळी होते, पण म्युझिक चालूच राहतं.' त्याने ड्रायव्हर बदलले, गेम काढून पुन्हा टाकला. ५० जीबीच्या वर डाउनलोड, तेसुद्धा मोबाइलच्या डेटावर, रोजचा कोटा संपला की दुसऱ्या दिवशी पुढे. ठाणे स्टेशनजवळच्या एका दुकानात दाखवला तर त्याने बघितल्या न बघितल्यासारखं करून सांगितलं, रॅम वाढवा नाहीतर विंडोज नव्याने टाका. आणि घरी आत्या त्याच्यावरच घसरली. 'एवढ्यात खराब कसा झाला? रात्र रात्र गेम खेळून बिघडवलास!' पोराने फुकट बोलणी खाल्ली. त्याची एका पैची चूक नव्हती.

रविवारी मी जाऊन बसलो. टास्क मॅनेजर उघडला. गेम सुरूही केला नव्हता आणि अर्ध्याहून जास्त रॅम गेलेली. यादीत दोन लाँचर, आणि प्रत्येकाच्या खाली त्याचे वेब हेल्पर ओळीने मांडलेले, कारण बरेचसे लाँचर आतून क्रोमियमवर (गूगल क्रोम ज्यावर उभा आहे तेच) चालणारे ब्राउझरच असतात. एका लाँचरमध्ये ओव्हरलेचं बटण सापडलं, बंद केलं. गेम सुरू केला, कंपनीचा लोगो आला, मेनू आला, नवीन मिशनवर क्लिक केलं आणि काळोख. मागे तलवारींचे आवाज चालू. दुसऱ्या लाँचरमध्ये गेलो. सेटिंग्जचं पान वरून खालपर्यंत, पुन्हा खालून वरपर्यंत बघितलं. भाषा आहे, नोटिफिकेशन आहेत, डाउनलोडचा वेग आहे, ओव्हरले बंद करायचं बटण नाही. नाहीच! शेवटी प्रोग्रॅम फाइल्समध्ये शिरून ओव्हरलेची फाइल शोधली आणि तिचं नाव बदललं, म्हणजे लाँचरला ती सापडूच नये. गेम सुरू केला. मेनू, मिशन, सगळं चालू. तास होऊन गेला तरी एकदाही अडकला नाही. आत्याला मुद्दाम बोलावून दाखवलं, म्हटलं, लॅपटॉपही ठीक आहे आणि पोरगाही. ती बिचारी म्हणाली, 'मग दुकानदार हजार रुपये कशाचे मागत होता?' थोड्याच दिवसांत पुन्हा फोन. 'दादा, परत काळी.' लाँचरने स्वतःला अपडेट करताना ती फाइल जुन्या नावाने पुन्हा आणून ठेवली होती.

एक डिप्लोमाचा मुलगा, ज्याला गेम खेळायचाय, त्याने सिस्टिमच्या फोल्डरमध्ये घुसून फायलींची नावं बदलायची? दर अपडेटला? उद्या चुकून भलत्याच फाइलला हात लागला तर कोण जबाबदार?

आणि या कंपन्यांना हे माहीत नाही असं कुणी म्हणू नये. कुठल्याही मोठ्या गेमचं मदतीचं पान उघडा. गेम क्रॅश होतोय, अडकतोय, काळी स्क्रीन येतेय, काहीही असो, पहिल्या काही सूचनांमध्ये हमखास असतं: ओव्हरले बंद करून बघा. म्हणजे ओव्हरलेमुळे गेम पडतो हे तुम्हाला पक्कं ठाऊक आहे, स्वतः लिहून ठेवलंय, तरी पुढच्या गिऱ्हाइकाच्या मशीनवर तो चालूच करून पाठवता! डिसेंबर २०२४ मध्ये तर एनव्हिडियालाच मान्य करावं लागलं. त्यांचं नवं एनव्हिडिया ॲप आदल्याच महिन्यात आलं होतं. लोकांनी मोजून दाखवलं की त्याच्या ओव्हरलेमधले गेम फिल्टर आणि फोटो मोड नुसते चालू असले, वापरत नसलात तरी, काही गेममध्ये वेग १५ टक्क्यांपर्यंत पडतो. कंपनीने सांगितलेला उपाय काय, तर सेटिंग्जमध्ये जाऊन ते बंद करा. ग्राफिक्स कार्डासाठी लोक वर्षभर पैसे साठवतात. त्या कार्डाच्या ताकदीतला एवढा वाटा न वापरलेल्या फिल्टरने खायचा?

बाहेरच्या डीएलएल गेममध्ये घुसवणं ही चीटिंग करणाऱ्यांचीही ठरलेली पद्धत आहे. म्हणूनच स्टीमवाल्या व्हॉल्वने २०२० मध्ये आपल्या काउंटर-स्ट्राइक या शूटिंग गेममध्ये ट्रस्टेड मोड आणला आणि परक्या डीएलएलना दार बंद केलं. दार बंद करता येतं, बघा. मनात असलं की सगळं जमतं.

मान्य आहे, काहींना ओव्हरले लागतो. कंट्रोलरवर खेळणाऱ्यांना स्टीमच्या ओव्हरलेचा खरा उपयोग आहे, मित्राला गेममध्ये बोलावणं त्यातून सोपं जातं, एफपीएस (सेकंदाला किती फ्रेम) बघता येतो. त्यांनी ठेवावा. आणि श्रेय द्यायचं तिथे देतो: स्टीममध्ये सेटिंग्जच्या 'इन-गेम' भागात एक सरळ बटण आहे, शिवाय एखाद्याच गेमपुरता बंद करायचा तर त्या गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये वेगळं बटण. ईए ॲप, युबिसॉफ्ट कनेक्ट, जीओजी गॅलेक्सी, डिस्कॉर्ड, सगळ्यांच्या सेटिंग्जमध्ये बटण आहे. म्हणजे देता येतं. विंडोजच्या गेम बारची मात्र वेगळीच तऱ्हा. तो मुळातून काढून टाकणाऱ्याला गेम सुरू करताना खिडकी येते की 'एमएस-गेमिंगओव्हरले' ही लिंक उघडायला नवीन ॲप लागेल. लोकांनी काढून टाकलेली वस्तू त्यांनाच परत मागायला लावतात!

माझ्या वाट्याला खेळायला किती वेळ येतो ते सांगतो, म्हणजे हा त्रागा कशाचा ते कळेल. ऑफिस ऐरोलीला, घर कासारवडवलीला. लोकलने ठाणे, तिथून घोडबंदर रोड. माजिवड्यापासून पुढे कापूरबावडी, मानपाडा, वाघबीळ करत घरी पोचेपर्यंत अंगातलं त्राण संपलेलं असतं. जेवण झालं, बाबांच्या गोळ्या देऊन झाल्या, सकाळचा डबा धुवून ठेवला की झोपेआधी तासभर हाती लागतो. तो तास माझा आहे, पूर्ण दिवसात तेवढाच. त्या तासात मला लाँचरचा अपडेट बघायचा नाही, नवीन सेलची पट्टी नको, 'तुमचा मित्र ऑनलाइन आला' हे नको, आणि क्रॅश का झाला म्हणून रात्री अकरा वाजता सेटिंग्ज खणत बसायचं तर अजिबात नाही. काल तेच केलं. तास त्यातच गेला, गेम एक मिनिटही खेळलो नाही.

मागणी काही फार मोठी नाही. लाँचर पहिल्यांदा उघडला की एक प्रश्न विचारा, ओव्हरले हवा की नको. 'नको' म्हटलं की डीएलएल गेमच्या आसपासही फिरकता कामा नये. बटण सेटिंग्जच्या पहिल्या पानावर ठेवा. अपडेट हजार करा, पण मी निवडलेलं काही बदलायचं असेल तर आधी मला विचारा. यात न जमण्यासारखं काय आहे?

हे सगळं लिहून मी त्या लाँचरच्या सपोर्टला तक्रार पाठवली आहे, आतेभावालाही त्याच्या नावाने पाठवायला लावली. आणि आता ठरवलंय, जो गेम जीओजी या दुकानात मिळतो तो तिथूनच घ्यायचा. तिथे ऑफलाइन इन्स्टॉलर डाउनलोड करून ठेवता येतो आणि त्यांचा गॅलेक्सी लाँचर टाकायची सक्ती नाही. चार पैसे जास्त गेले तरी चालतील.