‘सॅच्युरेशन जरा कमी करा मॅडम’: त्या कमेंटला उत्तर

दादा, कमेंटबद्दल थँक्यू, मनापासून. नुसत्या ‘वॉव, सुपर्ब’ला काय उत्तर देणार? बाकीच्यांसाठी थोडक्यात सांगते. दार्जिलिंगकडच्या सिंगालीलाच्या पोस्टमधला मिसेस गुल्ड्स सनबर्डचा, म्हणजे शिंजिराच्या हिमालयातल्या एका भावंडाचा फोटो बघून दादांचं म्हणणं असं की एवढ्याशा पक्ष्यावर लाल, पिवळा, जांभळा, निळा सगळं एकदम असूच शकत नाही, सॅच्युरेशन (म्हणजे रंगांचा भडकपणा) ओढलंय नाहीतर एआय आहे, दुसऱ्या फोटोत त्याच पक्ष्याचा गळा चक्क काळा आहे म्हणजे तिथेच पकडली गेलात, गूगलवर याची छाती लाल आहे आणि तुमच्याकडे पिवळी, आणि जाता जाता टोमणा, लोकांना सह्याद्री सोडून हिमालयच बरा दिसतो.

काळ्या गळ्यापासूनच सुरू करते, कारण तो तुमचा नाही, माझा साक्षीदार आहे. दोन्ही फ्रेम एकाच बर्स्टमधल्या (बटण दाबून धरून सलग काढलेल्या) आहेत, मध्ये पक्ष्याने फक्त मान वळवलीय. डोक्यावरचा आणि गळ्यावरचा तो जांभळा-निळा रंग हा रंगद्रव्याचा नाहीच. पिसाच्या अगदी बारीक तंतूंमध्ये मेलॅनिनचे (हो, आपले केस काळे करतं तेच) कण थराथराने रचलेले असतात, त्या थरांवरून उजेड परत फिरताना काही रंग जोरात उठतात आणि काही मरतात, साबणाच्या फुग्यावर होतं तसं. त्यामुळे उजेड, पक्षी आणि कॅमेरा यांचा कोन जमला तर जांभळा झळाळतो, नाही जमला तर सरळ काळा. आता तुम्हीच सांगा, सॅच्युरेशनचा स्लायडर ओढला असता तर एका फ्रेममध्ये गळा जांभळा, पुढच्या फ्रेममध्ये काळा, आणि दोन्हीत पाठ तेवढीच लाल, हे कसं काय जमवलं असतं मी?

पाठीचा लाल आणि पोटाचा पिवळा मात्र रंगद्रव्याचे, ते कुठूनही बघा तसेच. त्यात त्या दिवशी गुरांसच्या (तिकडे ऱ्होडोडेंड्रॉनला गुरांस म्हणतात) झाडांवर ढग उतरलेले. ढगाळ उजेडात पिसांवर चकाकी मारत नाही म्हणून लाल-पिवळा जास्त गडद येतो आणि धातूसारखा रंग उलट दबतो. कडक उन्हात याच्या बरोबर उलटं. एडिटिंग केलंय ना, क्रॉप केलाय, एक्स्पोजर उचललंय, नॉइज काढलाय, रॉ फाईल (कॅमेऱ्यातली मूळ, न बदललेली) ठेवलीय, हवी तर ईमेल टाका, पाठवते.

छातीचं. गूगलवर लाल छातीचे जे भरपूर फोटो येतात ते बहुतेक चीन नाहीतर उत्तर थायलंडकडचे, तिथे याची दुसरी उपजात आहे, डॅब्रियाय, तिची छाती लाल. हिमालयातल्या नराची छाती पिवळी, त्यावर फार तर लालसर रेघा. फील्ड गाइडमध्ये दोन्ही चित्रं असतात, फोटो सर्च करताना मात्र देश कोण बघतं!

आणि ‘असा पक्षी नसतोच’ याला १८३१ पासून उत्तर आहे. निकोलस व्हिगर्स या प्राणिशास्त्रज्ञाने तेव्हा याचं शास्त्रीय वर्णन केलं आणि नाव दिलं एलिझाबेथ गुल्ड यांचं. पक्षीतज्ज्ञ जॉन गुल्ड यांची बायको एवढीच ओळख लोक सांगतात, पण नवऱ्याच्या हिमालयातल्या पक्ष्यांच्या पुस्तकातली चित्रं छपाईच्या दगडावर (लिथोग्राफी म्हणतात ती) उतरवणाऱ्या त्याच. बाईंनी हिमालय कधी बघितलाच नाही, लंडनमध्ये बसून, बोटीने आलेल्या पक्ष्यांच्या वाळक्या कातड्यांवरून काम. १८४१ मध्ये आठव्या बाळंतपणानंतर गेल्या, नाव गाजलं नवऱ्याचं. आणि वाळक्या कातड्यातसुद्धा तो झळाळता रंग टिकतो बरं का, कारण तो थरांच्या रचनेत आहे.

राहिला टोमणा. सह्याद्रीत याचा सख्खा नातेवाईक आहे, एथोपायगा या त्याच वंशातला, नाव व्हिगर्स सनबर्ड! ज्या व्हिगर्सनी हिमालयातल्याला गुल्डबाईंचं नाव दिलं, त्यांचंच नाव पुढच्याच वर्षी, १८३२ मध्ये, साइक्स या लष्करी अधिकाऱ्याने आपल्या घाटातल्या या पक्ष्याला दिलं. भारतातच सापडतो, तोही पश्चिम घाटात. पाठ लाल, छाती लाल, त्यावर पिवळ्या बारीक रेघा. त्याच्यावर स्वतंत्र पोस्ट लिहिणारच आहे, पण तुमच्या अर्ध्या शंकांसाठी घाटात जायचीही गरज नाही. सोसायटीत जास्वंद नाहीतर घाणेरी असेल तर जांभळा शिंजीर येतच असेल, उन्हाळ्याच्या आसपास नर पूर्ण रंगात असतो. सूर्य तुमच्या पाठीशी ठेवून मोबाईलवरच व्हिडिओ घ्या, स्लो मोशनमध्ये, आणि कुठलाही फिल्टर न लावता इथे लिंक टाका. मग त्यावर बोलू.