नांगी येते, पण खेकडा तोवर जगायला हवा

परवा माझा दहा वर्षांचा भाचा खाडीवरून चार नांग्या घेऊन आला. चिंबोऱ्या कुठायत विचारलं, तर म्हणे, "सोडून दिल्या गं मावशी, त्यांना नव्या येतात." घरच्या ग्रुपवर फिरणारा मेसेज त्याने वाचला होता: ‘खेकडा मारू नका. नांग्या तोडून सोडून द्या. त्याला दुखत नाही, पंधरा दिवसांत नव्या येतात. ऑक्टोपसचा तर तुटलेल्या हातापासून नवा ऑक्टोपस होतो.’ पोराने हे दया म्हणून केलं, याचा मला जास्त राग आला.

नांगी पुन्हा येते, एवढं मान्य. जीवावर बेतलं की खेकडा स्वतःच पाय टाकून पळतो. पायाच्या मुळाशी त्यासाठी ठरलेली जागा असते. तिथे तुटलं की आतला पडदा जखम बंद करतो. माणूस वेडावाकडा पिरगाळतो तेव्हा ती जागा चुकते, अंगाचा तुकडाही निघून येतो, आणि रक्त थांबत नाही.

अमेरिकेत फ्लोरिडाला स्टोन क्रॅबचा धंदाच असा चालतो: नांगी काढायची, खेकडा परत पाण्यात. तिथे १९७०च्या दशकात मोजून पाहिलं, तर एक नांगी काढलेल्यांतले २८ टक्के मेले, दोन्ही काढलेल्यांतले ४७ टक्के. भाच्याने दोन्ही काढल्या होत्या. वाचलेल्याने तरी शिंपल्या फोडायच्या कशाने, आणि दुसरा खेकडा अंगावर आला तर करायचं काय?

पंधरा दिवस तर निव्वळ थाप आहे. कवच टाकल्याशिवाय नवी नांगी बाहेर येत नाही, आणि मोठा स्टोन क्रॅब वर्षातून साधारण एकदाच कवच टाकतो. पहिल्या खेपेला येते तीही लहानच. बाजारात एक नांगी भरलेली आणि दुसरी करंगळीएवढी असा खेकडा दिसतो ना, तो हाच.

दुखत नाही म्हणणाऱ्यांसाठी: लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्सच्या गटाने २०२१मध्ये अशा प्राण्यांना दुखतं का, यावरचे तीनशेहून जास्त अभ्यास तपासले. त्यानंतर ब्रिटनने २०२२च्या प्राणी-कल्याण कायद्यात खेकडे, शेवंड, कोळंबी, माकूळ, ऑक्टोपस यांना संवेदना असलेले प्राणी म्हणून धरलं.

ऑक्टोपसचं म्हणाल तर ऑक्टोपसला नवा हात येतो, हाताला नवा ऑक्टोपस येत नाही. तुटलेला हात काही वेळ वळवळतो, कारण ऑक्टोपसच्या मज्जापेशींपैकी जवळपास दोन-तृतीयांश हातांतच असतात. एका हातापासून अख्खा जीव होतो तो काही जातींच्या तारामाशांत.

भाच्याला सांगितलंय: खायची तर चिंबोरी अख्खी आण. लहान किंवा पोटाखाली अंडी असलेली मिळाली, तर अख्खी सोड.